अपस्मारातली स्मृती

नाशिक, १४ जानेवारी

चि. सुनंदा हिस,


आपल्या निनादचा अपस्मार, म्हणजे फिटचा आजार, मेंदूच्या टेम्पोरल लोबमधला आहे. टेम्पोरल लोब म्हणजे कानशिलाच्या आतला, दोन्ही बाजूंना असलेला मेंदूचा भाग. त्याच्या आतल्या कडेला हिपोकॅम्पस असतो. नवी आठवण पक्की करण्याचं काम त्याचं. निनादच्या एमआरआयच्या रिपोर्टवर ‘डाव्या बाजूचा हिपोकॅम्पल स्क्लेरोसिस’ असं लिहिलं आहे, त्याचा अर्थ तिथल्या पेशी झडून तो भाग आक्रसला आणि कडक झाला. ती गाठ नव्हे. अशा अनेक रुग्णांना लहानपणी तापात लांबलेली आकडी येऊन गेलेली असते. मग काही वर्षं शांततेत जातात आणि शाळा-कॉलेजच्या वयात झटके सुरू होतात.

फिट म्हटलं की जमिनीवर कोसळलेला, तोंडाला फेस आलेला माणूस डोळ्यांपुढे येतो. या प्रकारात बहुतेक वेळा तसं होत नाही. पोटातून काहीतरी वर चढल्यासारखं वाटतं, अकारण भीती दाटते, किंवा समोर चाललंय ते पूर्वी जसंच्या तसं घडून गेलंय असा भास होतो. मग नजर थिजते, ओठ काही चाखल्यासारखे हलतात, हात शर्टाची बटणं चाळवत राहतो. अर्ध्या ते दोन मिनिटांत हे ओसरतं. पुढे थोडा वेळ शब्द सापडत नाहीत आणि मधलं काही आठवत नाही. घरचे याला तंद्री म्हणतात, शिक्षक दुर्लक्ष म्हणतात, गावाकडे ‘बाहेरचं’ म्हणतात. निदानाची वर्षं वाया जातात ती इथेच. अशा वेळी कांदा किंवा चप्पल हुंगवतात; झटका आपला आपण थांबतो आणि उपाय लागू पडला असं वाटतं. खरं करायचं ते एवढंच: माणसाला दाबून धरू नये, गॅसपासून, जिन्यापासून, पाण्यापासून हळूच बाजूला न्यावं, कोसळला तर कुशीवर वळवावं, तोंडात काही घालू नये. पाच मिनिटांत थांबलं नाही तर दवाखाना गाठावा.

दीर्घकालीन परिणामांत सर्वांत जिव्हारी लागतो तो स्मरणशक्तीवरचा. ‘अपस्मार’ या शब्दातच स्मृती आहे; स्मृती ढळणं ही या रोगाची खूण आयुर्वेदाने फार पूर्वी ओळखली होती. डाव्या बाजूला दोष असेल तर बहुधा नावं, शब्द, वाचलेलं-ऐकलेलं निसटतं. उजव्या बाजूला असेल तर चेहरे आणि रस्ते. वर्षानुवर्षं झटके चालू राहिले की हा ऱ्हास वाढू शकतो, म्हणून ‘लहानच तर आहेत’ असं म्हणत ते सोसत राहणं चुकीचं. नैराश्य आणि चिंता या रुग्णांत पुष्कळ आढळतात. भावनांचं कामही मेंदूच्या याच भागात चालतं, तेव्हा तो मनाचा कमकुवतपणा नव्हे; त्यावरही उपचार आहेत. फेनिटॉइन, कार्बामॅझेपिन यांसारख्या गोळ्या वर्षानुवर्षं घेतल्यास हाडं ठिसूळ होऊ शकतात, म्हणून ड जीवनसत्त्व तपासून घ्यावं. एक कटू गोष्टही सांगायला हवी. अपस्मार असलेल्या प्रौढांत दरवर्षी हजारांत साधारण एकाचा अचानक, बहुधा झोपेत, मृत्यू होतो. झटके आटोक्यात नसतील तर हा धोका वाढतो. गोळी चुकवायची नाही, ती यासाठी.

औषधांचा हिशेब ग्लासगोच्या एका अभ्यासाने २००० साली स्पष्ट केला. ४७० नव्या रुग्णांपैकी ४७ टक्क्यांचे झटके पहिल्याच औषधाने थांबले, दुसऱ्याने आणखी १३ टक्क्यांचे, त्यापुढे जेमतेम ४ टक्क्यांचे. म्हणून नीट निवडलेली, पुरेशा मात्रेतली दोन औषधं हरली की अपस्मार औषधांना न जुमानणारा ठरतो. हिपोकॅम्पल स्क्लेरोसिसमध्ये हे वारंवार घडतं. तिसरी, चौथी, पाचवी गोळी बदलत दशक घालवण्यापेक्षा तेव्हाच शस्त्रक्रियेचा विचार व्हायला हवा. कॅनडात ८० रुग्णांवर झालेल्या आणि २००१ साली प्रसिद्ध झालेल्या चाचणीत वर्षाअखेर शुद्ध हरपवणारे झटके शस्त्रक्रियेच्या गटात ५८ टक्क्यांचे थांबले, नुसत्या औषधांच्या गटात ८ टक्क्यांचे.

शस्त्रक्रियेची भीती निराधार नाही. १९५३ साली अमेरिकेत हेन्री मोलेसन या तरुणाच्या दोन्ही बाजूंचे हिपोकॅम्पस काढले आणि नवं काही लक्षात ठेवण्याची त्याची शक्ती कायमची गेली. त्या धड्यानंतर एकाच बाजूला हात लावतात, तोही दुसरी बाजू धडधाकट असल्याची खात्री करून. व्हिडिओ ईईजी (चित्रणासह मेंदूच्या विद्युतलहरींची नोंद), खास पद्धतीचा एमआरआय आणि स्मरणशक्तीच्या चाचण्या त्यासाठीच असतात. डाव्या बाजूच्या शस्त्रक्रियेनंतर शब्द आठवणं थोडं अवघड होऊ शकतं. आधीची स्मृती जितकी चांगली, तितकं गमावण्यासारखं जास्त. गोळ्या लगेच बंद होत नाहीत. त्रिवेंद्रमच्या श्री चित्रा संस्थेत अशा शस्त्रक्रिया १९९५ पासून होतात. नाशिककरांना मुंबईचं केईएम रुग्णालय जवळचं.

पुढे लग्नाचा प्रश्नही निघेल. पूर्वी हिंदू विवाह कायद्यात वारंवार येणारा अपस्मार लग्नाच्या आड येत असे. १९९९ च्या दुरुस्तीने ती अट गेली. तरी लपवून केलेलं लग्न कोणाच्याच हिताचं नाही. पुण्यात यशोदा वाकणकर यांच्या ‘संवेदना’ या आधारगटाने रुग्णांना एकमेकांशी मोकळेपणी बोलायला जागा दिली, हे मोठंच काम. झटके चालू असताना गाडी चालवणं मात्र बंद, आणि रामकुंडावर किंवा गंगापूर धरणावर एकट्याने पाण्यात उतरणंही. जागरण आणि उपास झटक्याला आमंत्रण देतात.

डॉक्टरांना सर्वांत उपयोगी पडतं ते पाहणाऱ्याचं वर्णन: कोणता हात आखडला, मान कुठे वळली, बोलणं किती वेळाने परत आलं. वहीत तारीख-वेळ आणि मोबाइलवर एक चित्रफीत, एवढं मुंबईला जाताना बरोबर असावं.

तुझा,
दादा