रडणं थांबलं म्हणून

चि. मधुरा,


तुझ्या पहिलीच्या वर्गातल्या नव्या मुलाविषयी तू काल फोनवर सांगितलंस. भायखळ्याच्या महिला कारागृहात आईपाशी वाढला, सहा वर्षं पूर्ण झाली म्हणून घणसोलीत आजीकडे आला. "आधी फार रडायचा, आता गप्प असतो. रुळला बहुतेक," म्हणालीस. मला त्या गप्प असण्याचीच काळजी वाटते गं.

इंग्लंडमध्ये १९५२ साली जेम्स रॉबर्टसन यांनी इस्पितळात आईविना राहिलेल्या दोन वर्षांच्या मुलीवर चित्रपट केला. ते आणि जॉन बोल्बी सांगत होते, की आईपासून तुटलेलं मूल आधी आकांत करतं, मग खचतं आणि शेवटी आई समोर आली तरी तोंड फिरवतं. मोठ्यांना मात्र ते शहाणं झालंसं वाटतं.

तुरुंगाच्या खुणा असतीलच. कैदी आयांच्या मुलांविषयीच्या आर. डी. उपाध्याय खटल्याच्या २००६ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने त्या नोंदवल्या आहेत. अशा मुलांना घर ठाऊक नसतं. अधिकार गाजवणारा पुरुष म्हणजे पोलीस नाहीतर तुरुंगाधिकारी, एवढंच पाहिलेलं. रस्त्यावरच्या जनावरांना ती घाबरतात. बायकांतच वाढलेला मुलगा कधी बायकांसारखं बोलतो. तो "मी जाते" म्हणाला, तर वर्गाला हसू देऊ नकोस. वर्गातल्या मुलांचं ऐकून ते आपोआप सुटेल.

आईचं तसं नाही. त्या निकालाने मुलांना सहा वर्षांपर्यंत आईजवळ ठेवलं, त्यांच्यासाठी पाळणाघर आणि बालवाडी मागितली, जन्माच्या दाखल्यात तुरुंगाचा उल्लेख नको म्हटलं. मोठं काम झालं. पण त्या कोंडलेल्या जागेत त्याला रात्रंदिवस आई होती आणि सहा वर्षं भरताच तीच गेली. आपण त्याला 'सुटला' म्हणतो. त्याला कदाचित आपल्यालाच घालवून दिलं असं वाटत असेल.

सरकारी बालगृहातल्या मुलाला आठवड्यातून एकदा तरी आई भेटावी, असं न्यायालयाने सांगितलंय. आजीकडच्या मुलाची गरज काही कमी नसते. पण घणसोलीहून ठाणे, तिथून भायखळा, मग तुरुंगातल्या मुलाखतीची रांग. आजीचा कामाचा दिवस जातो. तू तिच्याशी बोल. 'प्रयास'ची माणसं तुरुंगातल्या बायकांसाठी वर्षानुवर्षं काम करताहेत, त्यांना विचार. त्याने काढलेली चित्रं आईसाठी आजीपाशी दे. आणि मुलाखतीच्या दिवशी शाळा बुडाली, तर त्याला एका शब्दानेही बोलू नकोस. बुडालेला धडा दुसऱ्या दिवशी शेजारी बसवून घे.

तुझी,
मावशी
नेरूळ