हिरवा पाऊस

'मॅट्रिक्स' हॉस्टेलवर पाहिला, तेव्हा गोष्टीपेक्षा पडद्यावरून कोसळणारी ती हिरवी अक्षरंच डोळ्यांत राहिली. पुढे लिनक्स शिकताना 'सीमॅट्रिक्स' हाती लागला आणि तसाच पाऊस माझ्या टर्मिनलमध्ये पडू लागला. पण रोमन अक्षरांचा. जपानी हवी तर वेगळा पर्याय द्यायचा, आणि फॉन्ट नसला की नुसते रिकामे चौकोन. फॉन्ट टाकला त्या रात्री मी दिवा मालवून बराच वेळ बघत बसलो होतो.

ती जपानी अक्षरं काताकाना लिपीतली होती, अर्ध्या रुंदीची. टर्मिनल म्हणजे चौकटींची वही. एरवी जपानी अक्षराला दोन घरं लागतात. १९६९ च्या जपानी मानकानं काताकानाला एका बाइटात जागा दिली आणि रोमन अक्षराएवढ्याच घरात ती अंग चोरून बसली. इतकी, की 'का'चा 'गा' करणाऱ्या दोन इवल्या रेघांनाही शेजारचं स्वतंत्र घर घ्यावं लागलं. सिनेमातली अक्षरं रचणारे सायमन व्हाइटली यांनी पुढे सांगितलं, की ती त्यांच्या पत्नीच्या जपानी पाककृतींच्या पुस्तकांतून घेतली होती. हे वाचलं आणि तो पाऊस मला एकदम घरचा वाटला.

मग पुण्यात जपानी शिकायला लागलो. आ, का, सा, ता, ना, हा, मा, या, रा, वा... तिसऱ्याच दिवशी अंगावर काटा आला. ही तर आपली वर्णमाला! संस्कृत शिकणाऱ्या बौद्ध भिक्षूंमुळे हा क्रम तिथं रुजला. 'हा' एके काळी 'पा'सारखा उच्चारला जाई, म्हणून तो आपल्या 'प'च्या जागी उभा आहे.

आईच्या पाककृतींची वही मी टाइप करून ठेवली आहे. ती फाइल माझ्या टर्मिनलमध्ये उघडली की वेलांट्या भलत्याच अक्षरांवर चढतात, जोडाक्षरं फुटतात. त्या तुटलेल्या मात्रा बघवत नाहीत. एका सुट्टीत मी त्या पावसाच्या प्रोग्रॅममध्ये मात्रा काढून नुसती मूळ अक्षरं घातली, वहीतल्याच क्रमानं.

आई मागे येऊन उभी राहिली. प, र, ण, प, ळ. एकाखाली एक, हिरवी.

"पुरणपोळी का रे?" तिनं विचारलं.