हातातून हातात

इंग्लंडच्या वायव्य किनाऱ्यावरचं बॅरो हे गाव पिढ्यान्‌पिढ्या पाणबुड्या बांधत आलं आहे. ब्रिटिश नौदलाची पहिली पाणबुडी 1901 मध्ये इथेच पाण्यात उतरली, पहिली अणुपाणबुडी ‘ड्रेडनॉट’ 1960 मध्ये. आजोबांनी जिथे घाम गाळला तिथेच नातवाने कामाला लागावं, यात गावाला नवल वाटत नाही.

याच गोदीत 31 जानेवारी 2001 रोजी ‘अस्ट्यूट’ या हल्लेखोर अणुपाणबुडीची बांधणी रीतसर सुरू झाली. लांबी 97 मीटर, पाण्याखाली वजन 7,400 टन. तिच्या अणुभट्टीत एकदा भरलेलं इंधन 25 वर्षं, म्हणजे तिच्या सबंध आयुष्याला पुरतं. हवा आणि गोडं पाणी ती समुद्रातूनच करून घेते. बंदर गाठावं लागतं ते शिधा संपत आला म्हणून. हे सारं थक्क करणारं आहे. तरीही तिच्याविषयी वाचत गेलो, तसं माझं मन अणुभट्टीवरून उठून तिच्या सांध्यांपाशी रेंगाळू लागलं.

पोलादाची अजस्र कडी एकापुढे एक सांधून तिचं कवच उभं राहतं. जाड पोलाद आधी तापवून घ्यायचं, कारण थंड धातूवर घाईने घातलेला टाका पुढे तडकतो. मग वेल्डर थरावर थर चढवतो, प्रत्येक थर घासून लख्ख करतो, पुढचा घालतो. सांधा भरला की तपासनीस येतो. आत राईएवढी पोकळी दिसली तरी तेवढा भाग खरवडायचा आणि पुन्हा भरायचा. खोल समुद्रात चहूबाजूंनी पाणी दाबू लागतं तेव्हा आतल्या शंभरेक माणसांचे प्राण या टाक्यांवर असतात. कवचावर आवाज गिळणाऱ्या 39,000 हून अधिक रबरी फरशा बसतात, तेही एकेक करून. हे काम करणाऱ्या माणसांची नावं कुठल्याही फलकावर येत नाहीत. मला त्यांच्यापुढे हात जोडावेसे वाटतात.

‘अस्ट्यूट’ 2005 च्या सुमारास नौदलात यायची होती. आली 2010 मध्ये. खर्च तर हाताबाहेर गेला. कारण शोधायला फार लांब जावं लागत नाही. शीतयुद्ध संपलं, मागण्या आटल्या, दोन प्रकल्पांच्या मध्ये काही वर्षं रिकामी गेली आणि हजारो कामगार गोदी सोडून गेले. कंत्राट झालं 1997 मध्ये. तोवर जाणते निवृत्त झाले होते, तरुण दुसऱ्या धंद्यांना लागले होते. संगणकावरचं त्रिमिती आरेखन नवीन होतं आणि ते कोळून प्यायलेली माणसं गोदीत नव्हती. आराखडे रखडले, म्हणून कामही रखडलं. शेवटी अमेरिकेच्या ‘इलेक्ट्रिक बोट’ कंपनीतून जाणकार बोलवावे लागले. कडी उभी ठेवून आतली यंत्रं वरून उतरवायची, म्हणजे काम सोपं होतं, अशा खुब्या त्यांनी शिकवल्या. पहिली पाणबुडी बांधून शंभर वर्षं झालेल्या गावाला ही शिकवणी घ्यावी लागली.

कागद तर जपून ठेवता येतात. पण मोदकाची कळी पाककृती वाचून पडत नाही; शेजारी बसून बोटं बघावी लागतात.

8 जून 2007 रोजी ‘अस्ट्यूट’ गोदीतल्या उंच शेडमधून बाहेर आली. तिच्यावर शॅम्पेन नव्हे, तिच्याच नौसैनिकांनी गाळलेल्या बिअरची बाटली फुटली. 27 ऑगस्ट 2010 रोजी स्कॉटलंडमधल्या फास्लेनच्या तळावर ती नौदलात रुजू झाली.

हे वाचताना मला सारखी मुंबईतली माझगाव गोदी आठवत होती. हार्बर लाइनवर डॉकयार्ड रोड आलं की क्रेनच्या माना दिसतात आणि मी हातातलं पुस्तक मिटतो. तिथल्या कामगारांनी जर्मनीत, कीलच्या गोदीत जाऊन पाणबुडीचं कसब शिकून आणलं. त्यांच्या हातून ‘शाल्की’ 1992 मध्ये आणि ‘शंकुल’ 1994 मध्ये नौदलात गेली. पण या जर्मन पाणबुड्यांच्या व्यवहारावर त्याआधीच आरोपांचं वादळ उठलं होतं आणि पुढच्या पाणबुड्या कागदावरच राहिल्या. माझगावची त्यानंतरची पाणबुडी, ‘कलवरी’, नौदलात आली ती डिसेंबर 2017 मध्ये. तेवीस वर्षांत हातोटी मिळवलेला कामगार निवृत्तही होतो. फ्रेंच तंत्रज्ञांकडून पुन्हा धडे गिरवून माझगावने सहा पाणबुड्या पुऱ्या केल्या. सहावी, ‘वागशीर’, जानेवारी 2025 मध्ये दाखल झाली.

आता अणुशक्तीवर चालणाऱ्या दोन हल्लेखोर पाणबुड्या देशातच बांधायला केंद्राने 2024 मध्ये मंजुरी दिली आहे. त्या बांधल्या जातील याविषयी मला शंका नाही. काळजी आहे ती दुसरी पूर्ण झाल्यानंतरच्या सकाळची. त्या सकाळी वेल्डरच्या हाताला काम असायला हवं आणि त्याच्या शेजारी शिकणारा एक पोरगा उभा असायला हवा. म्हणून निर्णय घेणाऱ्यांना एवढंच सांगणं आहे: दुसरी पाण्यात उतरण्याआधी तिसरीचं पोलाद कापायला घ्या.