घर फोडलं कोणी?

‘बेहद’ ही हिंदी मालिका सोनी वाहिनीवर सुरू झाली ती ११ ऑक्टोबर २०१६ ला. आमच्या निफाडकडे ते दिवस द्राक्षबागांच्या छाटणीचे. दिवसभर बागेत राबून बाया घरी यायच्या, चुली-गॅस उरकायच्या आणि रात्री ज्याच्याकडे टीव्ही बरा दिसतो त्याच्या ओसरीत जमायच्या. शेतातली लाइट रात्रीची असली की पुरुषमंडळी बॅटरी घेऊन मोटारीवर. मग ओसरी सगळी बायकांचीच.

ज्यांनी ती पाहिली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. माया नावाची श्रीमंत बाई. जेनिफर विंगेट या नटीनं ते काम केलं होतं आणि फार चांगलं केलं होतं. लहानपणी बापाच्या हातून छळ सोसलेली ही मुलगी मोठेपणी एका साध्या घरातल्या मुलावर, अर्जुनवर, जीव टाकते. जीव टाकते म्हणजे कसा, तर त्यानं दुसऱ्या कोणाकडे बघायचंही नाही. त्याची बालपणापासूनची मैत्रीण सांझ तिला डोळ्यांसमोर नको. जो आड येईल त्याचा काटा काढायचा. वर घरातली जुनी गुपितं एकेक करून बाहेर येतात. वर्षभर हे चाललं. पुढे डिसेंबर २०१९ मध्ये दुसरा भाग आला. त्यातली माया एका बड्या असामीवर सूड उगवायला निघते आणि त्यासाठी त्याच्या दोन मुलांना जाळ्यात ओढते. मार्च २०२० मध्ये टाळेबंदी लागली, चित्रीकरणं थांबली आणि ते प्रकरणही तिथंच आटोपलं.

या मालिकांमधलं घर मोठं मजेदार असतं बघा. दिवाणखान्यात जिना असतोच. जिन्यावरून कोणीतरी ऐकत असतंच. बायका झोपतानाही दागिने काढत नाहीत. घरात एवढी माणसं, पण उद्या गिरणीतून दळण कोण आणणार हा प्रश्न कोणालाच पडत नाही. आणि गुपित? ते दारापर्यंत येतं, दार उघडतं, सगळ्यांची तोंडं तीन तीन वेळा दाखवतात आणि भाग संपतो. उद्या माणूस पुन्हा टीव्हीपुढे बसावा म्हणून हे करावंच लागतं. कोणत्या घरात काय पाहिलं जातं ते निवडक घरांत यंत्रं बसवून मोजतात, आणि २०१५ पासून त्या मोजणीत खेड्यातली घरंही आली आहेत. म्हणजे आपणही त्यांचं गिऱ्हाईक झालो.

मला या मालिकांचा राग नाही. दमल्या जिवाला तेवढीच करमणूक. पण एक गोष्ट मनात घर करून राहिली. माया पडद्यावर आली की आमच्या ओसरीतून हटकून आवाज यायचा, “आली घरफोडी!” अर्जुन चुकला तर तो बिचारा भोळा. मायेच्या बापानं लेकरावर काय केलं ते सगळ्यांनी पाहिलेलं, पण त्याला कोणी घरफोड्या म्हणालं नाही. मराठीत घरफोड्या म्हणजे चोर. तो भिंत फोडतो. घरफोडी म्हटलं की सून.

ही खोड टीव्हीनं लावलेली नाही. आपल्या नाशिकच्याच मातीतलं उदाहरण घ्या. शहरातून गंगापूर रोडनं निघालं की आनंदवल्ली लागते. राघोबादादा पेशव्यांचा वाडा इथं होता आणि त्यांच्या पत्नी आनंदीबाई १७९४ साली इथंच वारल्या. त्याच रस्त्यानं पुढं गेलं की गंगापूर. तिथं राहायच्या गोपिकाबाई, म्हणजे थोरले माधवराव आणि नारायणराव यांच्या आई. एकाच घराण्यातल्या दोन जावा, दोघींचा मुक्काम एकाच गोदावरीच्या काठी. आणि एकीच्या अठरा वर्षांच्या मुलाचा, नारायणराव पेशव्यांचा, ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात गारद्यांनी खून केला. ‘धरावे’ या शब्दातल्या ध चा मा आनंदीबाईंनी केला आणि ‘मारावे’ झालं, ही गोष्ट आपण शाळेपासून ऐकतो. गुपित म्हणा, हव्यास म्हणा, सूड म्हणा, कोणत्या मालिकेत आहे यापेक्षा जास्त? खाडिलकरांनी १९०९ साली यावर नाटक लिहिलं त्याचं नावच ‘भाऊबंदकी’.

आता ध चा मा खरोखर बाईंनीच केला का, याबद्दल इतिहासकारांचं एकमत नाही. पण ते बाजूला ठेवलं तरी दुसरी एक गोष्ट आहे, आणि ती चांदवडच्या माणसाला सांगायला नको. चांदवड तालुक्यात हट्टी गावाजवळ धोडप किल्ला आहे. १७६८ साली याच धोडपला राघोबादादा पुतण्याविरुद्ध, थोरल्या माधवरावांविरुद्ध, फौज घेऊन उभे राहिले, हरले आणि शनिवारवाड्यात नजरकैदेत पडले. नारायणरावांच्या खुनाच्या पाच वर्षं आधीची ही गोष्ट. पेशवाईची हाव तेव्हाच उघड झाली होती, तीही तोफा लावून. रामशास्त्री प्रभुण्यांनी चौकशी केली आणि दोषी धरलं ते राघोबादादांना. तरी गावोगाव लोकांच्या तोंडी राहिलं काय? ध चा मा. धोडपची लढाई किती जणांना ठाऊक आहे?

हे सगळं मला सुचायचं कारण आमच्याच ओसरीत बसलेलं असायचं. माझ्या धाकट्या चुलत सासूबाई. मी त्यांना धाकट्या आत्याबाई म्हणते. त्या रोज यायच्या, भिंतीला टेकून बसायच्या, मायेचं सगळं बघायच्या. ‘घरफोडी’ असा आवाज आला की काही बोलायच्या नाहीत. कारण आमच्या भावकीत तो शब्द गेली कित्येक वर्षं त्यांच्यासाठीच वापरला जात होता.

आमच्या घराची वाटणी झाली ती मी लग्न होऊन यायच्या आधी. जमीन थोरल्या भावाच्या, म्हणजे माझ्या सासऱ्यांच्या, नावावर होती. उताऱ्यावर नावापुढं ‘ए.कु.मॅ.’ अशी अक्षरं. म्हणजे एकत्र कुटुंबाचा मॅनेजर. धाकट्याचं नाव कुठंच नाही, आणि तसं ते असावं असं कोणाला वाटलंही नव्हतं. एका वर्षी धाकट्यांना बैलजोडीसाठी कर्ज हवं होतं. सोसायटीत गेले तर मिळेना. का मिळेना ते थोरले सांगेनात. धाकट्या आत्याबाई सातवीपर्यंत शिकलेल्या. त्या एवढंच म्हणाल्या, “उतारा तरी काढून आणा, बघू काय लिवलंय.”

उतारा आला. इतर हक्कांच्या रकान्यात सगळ्या जमिनीवर बोजा. माझ्या सासऱ्यांनी कधीतरी विहिरीसाठी कर्ज उचललं होतं. विहिरीला पाणी लागलं नाही. व्याज चढत गेलं. त्यांनी ते भावाला सांगितलं नाही, आणि माझ्या सासूबाईंनाही नाही. माणूस वाईट नव्हता. पाणी लागलं नाही याची लाज वाटली आणि आज सांगू, उद्या सांगू करता करता सात वर्षं गेली. अशा लपवलेल्या कर्जाचं पुढं कधी कधी काय होतं, ते आपल्या भागात सगळ्यांनी पाहिलं आहे. आमच्याकडे निदान उतारा वेळेवर बाहेर आला.

मग भांडण, मग वाटणी. बांध पडला, चूल वेगळी झाली. आणि गावानं निवाडा दिला, “धाकटीनं घर फोडलं.” कर्ज काढणारा राहिला बाजूला. लपवणारा राहिला बाजूला. कागद दाखवा म्हणणारी तेवढी घरफोडी ठरली. सासरे गेले तेव्हा त्यांच्या दहाव्यालाही पाहुण्यांत हीच कुजबुज मी माझ्या कानांनी ऐकली.

एकदा ‘बेहद’ चालू असताना माझ्या मुलीनं त्यांना विचारलं, “आजी, तुम्हांला मायेचा राग नाही येत?” त्या म्हणाल्या, “येतो की. पर तिला कुनी येळंवर इचारलं न्हाई, पोरी, तुला काय झालंय म्हून. घरातल्या साऱ्यांना ठावं व्हतं.” एवढंच. पुन्हा टीव्हीकडे बघायला लागल्या. माझ्या सासूबाई शेजारीच होत्या. त्या उठल्या आणि चहा टाकायला आत गेल्या. वाटणीनंतर आमच्या घरात धाकट्या आत्याबाईंना माझ्या सासूबाईंनी आपण होऊन चहा केलेला मी पहिल्यांदा पाहिला.

मालिकेत गुपित उघडायला वर्ष लागतं. आपल्याकडे सात-बारा आता मोबाइलवरही दिसतो. पण बघायचा कोणी? उतारा मागणं म्हणजे अविश्वास, असंच अजून धरतात. आणि उताऱ्यावर स्वतःचं नाव मागणं म्हणजे तर घरावर दरोडा! याच चांदवडला नोव्हेंबर १९८६ मध्ये शेतकरी संघटनेचं महिला अधिवेशन भरलं होतं, शरद जोशींनी बोलावलेलं. खेड्यापाड्यातून बाया भाकरी बांधून तिथं गेल्या होत्या. त्यानंतर लक्ष्मीमुक्तीचा कार्यक्रम निघाला, नवऱ्यानं आपणहून जमिनीचा तुकडा बायकोच्या नावावर करायचा. कित्येकांनी केलाही. २२ जून १९९४ पासून महाराष्ट्रात मुलीला, तेव्हा तिचं लग्न झालेलं नसेल तर, वडिलोपार्जित जमिनीत मुलाइतका वाटा कायद्यानं आला. २००५ मध्ये देशभर आला. तरी बहिणीच्या सह्या घ्यायला गाडी पाठवतात ती साडी-चोळीसकट, आणि कागद वाचायला मागणारी बहीण लगेच वाईट होते.

मागच्या वर्षी धाकट्या आत्याबाईंना डोळे दाखवायला मी नाशिकला घेऊन गेले होते. काम लवकर आटोपलं म्हणून रिक्षानं आनंदवल्लीच्या नवश्या गणपतीला गेलो. हे देऊळ राघोबादादा आणि आनंदीबाईंचं म्हणून सांगतात. दर्शन झालं, नदीच्या बाजूला जरा बसलो. मी त्यांना धोडपचं, शनिवारवाड्याचं, सगळं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं.

“मंग तिच्या नावावर काय व्हतं?” त्यांनी विचारलं.

“गावाला तिचंच नाव आहे म्हणतात,” मी म्हणाले.

“तसं न्हाई गं. उताऱ्यावर.”

एवढं बोलून त्या चपला शोधायला लागल्या. पावणेपाचची निफाड गाडी धरायची होती.