टेंपलच्या अंगणांत

लंडन शहरीं फ्लीट स्ट्रीटच्या गजबजाटांतून थेम्स नदीकडे उतरणाऱ्या एका बोळांत शिरलें, कीं चार पावलांतच गलका मागें राहतो. दगडी चौक, जुने वृक्ष, एक कारंजें आणि ओळीनें वकिलांच्या कचेऱ्या, अशी ही वसाहत. हिला 'टेंपल' म्हणतात. नांव पडलें तें पूर्वीं येथें राहणाऱ्या टेंप्लर नामक धर्मयोद्ध्यांवरून. त्यांचें ११८५ सालीं प्रतिष्ठापिलेलें वाटोळें प्रार्थनामंदिर अद्याप उभें आहे. १९४१ च्या बाँबवर्षावांत तें जळालें होतें. पुढें त्याचा जीर्णोद्धार झाला. प्रवासी तेवढें पाहून परततात. परंतु ज्यांच्या घरांतील दत्तकाचा वा वांटणीचा तंटा एकदां तरी कोर्टाची पायरी चढला आहे, त्यांनीं येथें अंमळ थांबावें. इंग्रजी निवाड्यांचे 'रिपोर्ट' लिहिणाऱ्या कित्येकांचें हेंच गुरुकुल.

इंग्लंडांत सर्व कायद्याची अशी एक संहिता कधींच नव्हती. पूर्वींच्या न्यायाधीशानें काय ठरविलें व कां ठरविलें, हेंच प्रमाण. कोर्टाच्या लॅटिन दप्तरांत दाव्याची हकीकत व निकाल असे; कारणमीमांसा बहुधा नसे. ती सांपडते 'इयर बुक्स' नामक टिपणांत. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धापासून १५३५ पर्यंतचा वकील व न्यायाधीश यांचा वाद तींत वकिली फ्रेंच भाषेंत उतरला आहे. लिहिणाऱ्यांचीं नांवें मात्र लुप्त झालीं. मूळ सूत्र नाहीं आणि भाष्य तेवढें आहे, ही स्थिति संस्कृतज्ञास चमत्कारिकच वाटेल.

त्या प्रार्थनामंदिरांत एडमंड प्लाउडन याचें स्मारक आहे. हा मिडल टेंपलचा. यानें स्वतःच्या उपयोगासाठीं टिपणें केलीं. मित्रांनीं तीं मागून नेलीं, त्यांच्या कारकुनांनीं घाईघाईनें नकला केल्या, आणि त्या अशुद्ध नकलाच छापल्या जाणार असें कळतांच त्यानें १५७१ सालीं ग्रंथ स्वतः प्रसिद्ध केला. उसनी दिलेली वही कोणत्या अवस्थेंत परत येते, हें शिक्षकास सांगावयास नको!

शेजारच्या इनर टेंपलचा एडवर्ड कोक याचे अकरा भाग १६०० ते १६१५ या काळांत निघाले. त्यांत निर्णय कोणता आणि कोकचें मत कोणतें, हें निवडणें कठीण. १६१६ सालीं पहिल्या जेम्स राजानें त्यास स्वतःच्या ग्रंथांतील प्रमाद शोधण्याची आज्ञा केली. शेंकडों खटल्यांतून त्यानें क्षुल्लक असे पांचच काढून दाखविले. विद्वत्तेबरोबर हट्टही असतोच.

सर्वच लेखक त्या तोलाचे नव्हते. बार्नार्डिस्टन नामक लेखक कोर्टांत डुलकी घेई व चेष्टेखोर मंडळी त्याच्या वहींत भलतेंच लिहून ठेवीत, अशी आख्यायिका आहे. लॉर्ड मॅन्सफील्डनें त्याचे चॅन्सरी कोर्टाचे रिपोर्ट आधारास घेण्याची मनाई केली. हंसूं येतें खरें. पण अशा वहींवर कोणाचें तरी घर-शेत अवलंबून असे. अखेर १८६५ सालीं वकीलवर्गानें मंडळ स्थापून हें काम नफ्याच्या हेतूविना चालविलें, आणि निवाडा छापण्यापूर्वीं न्यायाधीशांनीं तपासावा असा परिपाठ पडला.

याच शहरीं प्रिव्ही कौन्सिलांत आपल्याकडील अपिलें चालत. मूर यानें त्यांचे चौदा खंड काढले. १८६८ च्या रामनाड संस्थानच्या दत्तक प्रकरणांत कौन्सिलानें सांगितलें, कीं रूढि स्पष्टपणें सिद्ध झाल्यास ती शास्त्रवचनाहून बलवत्तर. द्रविड देशांत सपिंडांच्या संमतीनें विधवेचा दत्तक मान्य झाला. त्याच वर्षीं मुंबई हायकोर्टानें तर महाराष्ट्रांतील विधवेनें धर्मबुद्धीनें घेतलेला दत्तक पतीची आज्ञा व सपिंडांची संमति यांवांचूनही मान्य केला. तो निवाडा मुंबई हायकोर्ट रिपोर्टांच्या पांचव्या खंडांत आहे. पुढें १८७५ चा कायदा होऊन १८७६ पासून सरकारी मालिका सुरू झाली.

१९५६ च्या कायद्यानें दत्तकाचे नियम आतां कलमांत बांधले गेले आहेत. तरी तत्पूर्वींच्या एखाद्या दत्तकाविषयीं वाद निघाला, तर वकिलास फळीवरून तोच पांचवा खंड खालीं काढावा लागतो.