काळ्या नायकाचा खोळंबा

सिनेमा हा करमणुकीचा विषय. त्यावर आपल्या साप्ताहिकाने जागा कशाला खर्चावी, असे काही वाचकांना वाटेल. परंतु ज्या समाजाला शेकडो वर्षे गोष्टीत जागाच नव्हती, आणि असली तर ती वेशीबाहेर होती, त्या समाजाने गोष्ट कोण सांगतो याकडे पाठ फिरवून चालत नाही. आपली मुले पडद्यावर कोणाला नायक म्हणून पाहतात, यावर त्यांची मान किती ताठ राहते हेही थोडेफार ठरत असते. म्हणून आज आम्ही एका अमेरिकन सिनेमाची हकिकत सांगणार आहोत. हा सिनेमा २०१९ मध्ये वाजतगाजत जाहीर झाला आणि पाच वर्षांनी, चित्रीकरण सुरू होण्याआधीच, वेळापत्रकातून त्याचे नाव काढून टाकले गेले. सिनेमाचे नाव 'ब्लेड'.

ब्लेड हे मार्व्हल कंपनीच्या चित्रकथांतले पात्र. जुलै १९७३ च्या अंकात ते पहिल्यांदा आले. लेखक मार्व्ह वुल्फमन, चित्रकार जीन कोलन. दोघेही गोरे, नायक मात्र काळा. त्याच्या आईला बाळंतपणाच्या वेळी रक्तपिपासूने चावा घेतला. त्या जखमेतून जन्मलेला हा मुलगा मोठा होऊन रक्त पिणाऱ्यांचा काळ ठरतो. तो देवाचा अवतार नाही, राजाचा मुलगा नाही की कोट्यधीशही नाही. आईवर झालेल्या अन्यायातून तो उभा राहिलेला आहे.

आमच्या घरात हे नाव जुने आहे. १९९८ चा पहिला 'ब्लेड' आम्ही व्हीसीडी भाड्याने आणून पाहिला होता. चाळीतल्या एका खोलीत दहाबारा पोरे दाटीवाटीने बसलेली, काही दाराच्या उंबऱ्यावर. पडद्यावर वेस्ली स्नाइप्स. काळा कोट, काळा चष्मा, काळा माणूस. तोवर परदेशी मारामारीच्या सिनेमात काळा माणूस म्हटला की तो एकतर गुंड, नाहीतर मध्यंतरापूर्वी मरणारा मित्र, एवढेच आम्ही पाहिले होते. हा मात्र शेवटपर्यंत उभा राहिला. ज्या पोरांना शाळेत 'ए काळ्या' म्हणून हाक मारीत, ती पोरे त्या रात्री छाती पुढे काढून जिना उतरली. एका सिनेमाने जातवर्णाचा प्रश्न सुटत नाही हे आम्हालाही कळते. पण एका पोराची एक रात्र तरी ताठ मानेने गेली, ही गोष्ट आईबापांच्या दृष्टीने लहान नसते.

या सिनेमाचे महत्त्व धंद्याच्या हिशोबातही मोठे होते. मार्व्हल कंपनीने १९९६ च्या अखेरीस दिवाळखोरी जाहीर केली होती. अशा वेळी सुमारे साडेचार कोटी डॉलर खर्चून काढलेल्या 'ब्लेड'ने जगभरात तेरा कोटींच्या आसपास डॉलर मिळवले. त्यानंतर २००० मध्ये 'एक्स-मेन' आला, २००२ मध्ये 'स्पायडर-मॅन' आला आणि पुढे या कंपनीचा केवढा मोठा वाडा उभा राहिला हे सर्वांना ठाऊक आहे. त्या वाड्याच्या पायात एक दगड या काळ्या नायकाचा आहे. स्नाइप्स यांना खरे म्हणजे त्या काळी 'ब्लॅक पँथर' काढायचा होता. तो जुळून आला नाही, म्हणून त्यांनी 'ब्लेड' हाती घेतला. पुढे २००४ च्या तिसऱ्या भागानंतर, ठरलेले पूर्ण पैसे मिळाले नाहीत आणि आपली भूमिका कापून इतरांना पुढे केले, अशी तक्रार घेऊन ते २००५ मध्ये कोर्टात गेले. पाया घालणाऱ्याला वाड्यात खोली मिळतेच असे नाही, हे आपल्या बांधकाम मजुरांना वेगळे सांगायला नको.

आता नव्या 'ब्लेड'चे ऐका. माहेर्शाला अली या कृष्णवर्णीय नटाने २०१७ आणि २०१९ अशी दोनदा ऑस्करची बाहुली जिंकली. दुसऱ्या पारितोषिकानंतर तो स्वतः मार्व्हलकडे गेला आणि ब्लेड करायची इच्छा त्याने बोलून दाखवली. जुलै २०१९ मध्ये सॅन डिएगोच्या भव्य मेळाव्यात त्याला मंचावर बोलावून घोषणा झाली. टाळ्यांचा कडकडाट झाला. आमच्या घरातला तेव्हा सहावीत असलेला मुलगा मोबाइलवर ते दृश्य पुन्हा पुन्हा पाहत होता. तो मुलगा आज कॉलेजात जातो.

मधल्या काळात काय झाले? २०२१ मध्ये स्टेसी ओसे-कुफोर या कृष्णवर्णीय लेखिकेकडे पटकथा दिली. कराचीत जन्मलेले बस्साम तारिक दिग्दर्शक ठरले. चित्रीकरणाला जेमतेम दोन महिने उरले असताना, सप्टेंबर २०२२ मध्ये ते बाहेर पडले. त्यांच्या जागी यान डेमांज आले, तेही जून २०२४ मध्ये गेले. लेखक तर एकामागून एक बदलत राहिले. गोष्ट कधी १९२० च्या सुमारास घडायची, कधी आजच्या काळात. प्रदर्शनाची पहिली तारीख ३ नोव्हेंबर २०२३ होती. ती ६ सप्टेंबर २०२४ झाली, मग १४ फेब्रुवारी २०२५, मग ७ नोव्हेंबर २०२५. शेवटी ऑक्टोबर २०२४ मध्ये सिनेमाच यादीतून काढला आणि ती नोव्हेंबरची तारीख 'प्रेडेटर' मालिकेतल्या एका सिनेमाला दिली. सरकारी कचेरीत 'पुढच्या महिन्यात या' ऐकणाऱ्या आपल्या माणसांना हा तारखांचा खेळ चांगलाच ओळखीचा वाटेल.

नोव्हेंबर २०२३ मध्ये 'व्हरायटी' या सिनेधंद्याच्या नियतकालिकाने एक बातमी छापली. पटकथेच्या एका मसुद्यात स्वतः ब्लेड चौथ्या क्रमांकाचे पात्र होऊन बसला होता! ज्याच्या नावाने सिनेमा, तोच कोपऱ्यात. हे वाचून आम्हाला हसू आले नाही. आपल्या नावाने योजना निघतात, आपल्या नावाने समित्या बसतात, आणि ठराव लिहिताना आपणच चौथ्या क्रमांकावर असतो.

एक गोष्ट येथे स्पष्ट केली पाहिजे. हा सारा खोळंबा कोणी मुद्दाम डाव रचून केला, असा आरोप आम्ही करीत नाही. कारणे अनेक होती. त्यातले एक कारण तर अभिमानाने सांगावे असे आहे. २ मे २०२३ रोजी अमेरिकेतील पटकथाकारांच्या युनियनने संप पुकारला. साडेअकरा हजार लेखक १४८ दिवस रस्त्यावर होते. मोबाइलवर आणि टीव्हीवर दाखवल्या जाणाऱ्या कामाचा वाटा आम्हाला मिळाला पाहिजे, आणि यंत्राकडून लिहून घेऊन आमच्या पोटावर पाय देऊ नका, या त्यांच्या मागण्या होत्या. जुलैपासून नटनट्यांची युनियनही संपात उतरली, ती ११८ दिवस. त्या मे महिन्यातच 'ब्लेड'ची तयारी थांबली. १९८२ चा गिरणी संप ज्या घरांनी पोटावर झेलला, त्या घरांना संपाची किंमत समजते. संपामुळे सिनेमा लांबला म्हणून आम्ही तक्रार करणार नाही. संपकऱ्यांनी निदान काही मागण्या पदरात पाडून घेतल्या, याचा आनंदच आहे.

पण संप संपल्यावरही गाडी पुढे सरकली नाही. त्याच वर्षी 'द मार्व्हल्स' हा सिनेमा तिकीटबारीवर आपटला आणि २०२४ मध्ये मालक कंपनी डिस्नीने सिनेमांची संख्या कमी करण्याचे धोरण जाहीर केले. गिरणीत कपात आली की कायम कामगाराच्या आधी बदली कामगार घरी जायचा. जो आधीच उंबऱ्यावर उभा आहे, त्याला बाहेर करायला धक्का मोठा लागत नाही. हेतू वाईट नसतानाही परिणाम तोच होतो, आणि व्यवस्था म्हणतात ती हीच.

या हकिकतीचा दुसरा भाग मात्र मन प्रसन्न करणारा आहे. 'ब्लेड'साठी रूथ कार्टर या नामवंत कृष्णवर्णीय वेशभूषाकार बाईंनी जुन्या काळातले कपडे जमवून ठेवले होते. सिनेमा अडला, कपडे गोदामात पडले. पुढे दिग्दर्शक रायन कूग्लर यांनी 'सिनर्स' काढायला घेतला. १९३२ चे मिसिसिपी, कापसाच्या शेतात राबणारे काळे लोक, त्यांचे ब्लूज गाणे आणि त्यांच्यावर चालून आलेले रक्तपिपासू. मार्व्हलकडून ते कपडे विकत घेऊन या सिनेमातल्या गर्दीच्या माणसांना घातले. एप्रिल २०२५ मध्ये 'सिनर्स' झळकला आणि छत्तीस कोटींहून अधिक डॉलर मिळवून गेला. ब्लेडसाठी निवडलेले ज्येष्ठ नट डेलरॉय लिंडो हेही या सिनेमात दिसले.

फरक कशाने पडला? कूग्लर यांनी गोष्ट स्वतः लिहिली, आणि करार करताना पंचवीस वर्षांनंतर सिनेमाची मालकी आपल्याकडे परत येईल अशी अट घातली. दुसऱ्याच्या दारात उभा राहिलेला नायक पाच वर्षे तारखा मोजत राहिला. स्वतःच्या मालकीची गोष्ट थिएटरात पोहोचली. परमपूज्य बाबासाहेबांनी ३१ जानेवारी १९२० रोजी 'मूकनायक' काढला तो याच जाणिवेतून. दुसऱ्याच्या पत्रात आपल्याला चार ओळींची जागा मिळेल म्हणून ते थांबले नाहीत.

अमेरिकेतील काळ्यांशी आपले नाते उसने आणलेले नाही. १९४६ मध्ये बाबासाहेबांनी कृष्णवर्णीयांचे नेते डू बॉइस यांना पत्र लिहून, अमेरिकेतील काळ्यांनी संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची चौकशी केली होती. १९६६ मध्ये ओकलंड शहरात ब्लॅक पँथर पक्ष स्थापन झाला. त्यापासून स्फूर्ती घेऊन १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली. २०१८ चा 'ब्लॅक पँथर' सिनेमा काढणारे कूग्लर त्याच ओकलंडचे. आपल्याकडेही पडद्याचा रस्ता सरळ नाही. २०२५ मध्ये महात्मा फुल्यांवरील 'फुले' हा हिंदी सिनेमा ११ एप्रिलला, जोतिबांच्या जयंतीला यायचा होता. काही संघटनांनी आक्षेप घेतला, परिनिरीक्षण मंडळाने जातींचे उल्लेख बदलायला लावले, आणि तो २५ एप्रिलला आला.

आपल्यातील कोणी म्हणेल, आम्ही बौद्ध आहोत, चमत्कार मानत नाही, मग हे उडणारे-मारणारे नायक कशाला हवेत? प्रश्न रास्त आहे. बाबासाहेबांनी घटना समितीत विभूतिपूजेच्या धोक्याचा इशारा दिला होता. तारणहाराची वाट पाहणे हा आपला मार्ग नव्हे. परंतु ब्लेडच्या गोष्टीत आम्हाला एक वेगळी गोष्ट दिसते. शत्रूची रक्ताची तहान त्याच्या स्वतःच्या अंगातही आहे. औषध घेऊन, निग्रहाने, तो ती रोज आवरतो आणि दुसऱ्याला ती लावत नाही. तृष्णा आवरणे म्हणजे काय, हे मुलांना समजावताना आम्ही हेच उदाहरण दिले होते आणि ते त्यांना चटकन कळले.

नवा 'ब्लेड' येईल तेव्हा येईल. आला तर आम्ही सहकुटुंब पाहू. पण तोवर आपल्या मुलांनी रिकामे बसू नये. घरात आजी आहे, तिने नामांतराचे दिवस पाहिले आहेत. आजोबा आहेत, त्यांच्या वडिलांनी नागपूरला दीक्षा घेतली. त्यांच्या तोंडून ऐकून दोन पाने लिहायला मुलाला एक वही आणि मुलीला एक वही घेऊन द्या. मोबाइल आहे, त्यावर त्यांचे बोलणे भरून ठेवा. लिहिलेल्या पानावर मुलाचे, मुलीचे स्वतःचे नाव घालायला विसरू नका. गोष्टीची मालकी तिथून सुरू होते.

जयभीम!