घोड्यावरचा चोर

काउबॉयचा सिनेमा म्हटलं की आमच्या श्राविका मंडळातल्या बायका नाक मुरडतात. घोडे, पिस्तुलं, मारामारी. दशलक्षणात तर नावच नको. त्यांचंही चूक नाही म्हणा. 1903 साली एडविन पोर्टरनं केलेल्या 'द ग्रेट ट्रेन रॉबरी'त एक दरोडेखोर सरळ आपल्याकडं पिस्तूल रोखून गोळ्या झाडतो. दहा-बारा मिनिटांचा मूकपट, पण लोकांच्या ध्यानात राहिलं ते पिस्तूलच.

त्याच मूकपटात बारीकसारीक कामं करणारा गिल्बर्ट अँडरसन पुढं 'ब्रॉन्को बिली' झाला. सुरुवातीला त्याला धड घोड्यावर बसताही येत नव्हतं म्हणे! नंतर मात्र त्यानं एकेका रिळाचे असे कितीतरी मूकपट केले. त्यांतला बिली पुष्कळदा चोरच असतो. 1910 च्या 'ब्रॉन्को बिलीज रिडेम्प्शन'मध्ये तो गुरं चोरणारा आहे. एक आजारी मुलगी आणि तिचा म्हातारा बाप त्याच्या नजरेस पडतात. गावात पाऊल ठेवलं की आपण धरले जाणार, हे ठाऊक असून तो दोघांना गाडीत घालून गावात नेतो.

मला आपला अंजन चोर आठवला. झाडाला टांगलेलं शिंकं, खाली वर टोकं करून रोवलेली शस्त्रं, आणि णमोकारावर भरवसा ठेवून दोऱ्या कापणारा तो. निःशंकित अंगाची ही कथा आपण लहानपणापासून ऐकतो. अंजनला निदान मंत्र मिळाला होता. बिलीला कुणी काही सांगितलेलं नाही, समोर फक्त दुखणाईत पोर. खरं सांगू, मला बायकांच्या मनाजवळचा बिलीच वाटतो.

आता आमच्याकडचं सांगते. आळंदकडच्या एका घरातला मुलगा पेढीवरचे पैसे घेऊन पळाला होता. काही वर्षांनी परत आला, घेतलेलं फेडलं, आता दुसऱ्याच्या दुकानात मान खाली घालून काम करतो. पण शास्त्रवाचनाला त्याची आई येऊन बसली की शेजारच्या बायका चटई जरा पलीकडं ओढायच्या. त्या दिवशी कथा कुणाची होती? अंजन चोराचीच की! सगळ्याजणी हात जोडून ऐकत होत्या.

ती आता दर्शनाला मळखेडला जाते, नेमिनाथांच्या बस्तीत. तिथं तिला कुणी ओळखत नाही.